मग कॅमेरा कुणाच्या हातात होता?

शनिवारची सकाळची शाळा आणि त्यातला शेवटचा तास गोष्टीचा. आमच्या चौथीच्या वर्गाचा हा ठरलेला शिरस्ता. एका शनिवारी मी मुलांना बर्फात अडकलेल्या ‘एन्ड्युरन्स’ जहाजाची गोष्ट सांगितली. शाळेच्या प्रोजेक्टरवर त्याच मोहिमेवरच्या जुन्या मूकपटाचे थोडे तुकडेही दाखवले. पडद्यावर एक भलंमोठं लाकडी जहाज बर्फात तिरकं झालेलं. बघता बघता त्याची डोलकाठी कलली, दोर तुटले आणि ती कोसळली. वर्ग चिडीचूप. एरवी या तासाला खिडकीबाहेर बघणारेसुद्धा पडद्याकडे बघत होते.

तेवढ्यात मागच्या बाकावरून प्रश्न आला, “बाई, सगळे जीव वाचवायला पळत होते ना? मग हे शूटिंग कुणी केलं?”

खरं सांगते दोस्तांनो, मला त्या माणसाचं नाव तेवढं ठाऊक होतं. त्याने ते कसं केलं, हे कधी मनातच आलं नव्हतं. म्हटलं, “सोमवारी सांगते.” आणि रविवार सगळा वाचण्यात गेला. त्या सोमवारी वर्गात जे सांगितलं, तेच आज तुम्हाला सांगणार आहे.

हप्त्यावरचा कॅमेरा

त्याचं नाव फ्रँक हर्ली. जन्म १८८५ सालचा, ऑस्ट्रेलियातल्या सिडनी शहरातला. शाळेशी याचं काही जमलं नाही. तेराव्या वर्षी घरातून पळाला आणि एका पोलादाच्या कारखान्यात कामाला लागला. (हे वाचून कुणी बेत आखू नका हं!) सतराव्या वर्षी त्याने पहिला कॅमेरा घेतला. कोडॅकचा, साधा खोक्यासारखा. किंमत १५ शिलिंग. तेवढे पैसे एकदम कुठून आणणार? दर आठवड्याला एक शिलिंग, असे हप्ते त्याने फेडले.

१९११ साली डग्लस मॉसन यांच्या अंटार्क्टिका मोहिमेत तो फोटोग्राफर म्हणून गेला. तिथल्या वादळवाऱ्यात त्याने चित्रपटही काढला. तो पाहूनच अर्नेस्ट शॅकल्टन या धाडसी दर्यावर्दीने त्याला आपल्या मोहिमेत घेतलं.

शॅकल्टनचा बेत जबरदस्त होता. वेडेल समुद्राच्या बाजूने अंटार्क्टिका खंडावर उतरायचं, दक्षिण ध्रुवावरून चालत पलीकडच्या किनाऱ्याला पोचायचं. अंतर सुमारे २,९०० किलोमीटर. असं आधी कुणीच केलं नव्हतं. पण बेताला पैसा लागतो. म्हणून जहाज निघण्याआधीच या मोहिमेच्या चित्रपटाचे हक्क विकून काही पैसा उभा केला होता. म्हणजे बघा, सिनेमा अजून डब्यातसुद्धा नाही, आणि तो विकला गेलेला! हे लक्षात ठेवा, पुढे उपयोगी पडणार आहे.

जहाजाचं नाव ‘एन्ड्युरन्स’. त्याचा अर्थ चिवटपणा, सोसण्याची ताकद. हर्ली अर्जेंटिनातल्या ब्युनोस आयर्स बंदरात जहाजावर चढला. जहाजावर एकूण २८ माणसं होती. त्यांतला ब्लॅकबरो नावाचा तरुण तर चोरून, लपून आलेला! शिवाय जवळजवळ ७० कुत्रे आणि सुताराचं एक मांजर. ५ डिसेंबर १९१४ रोजी साउथ जॉर्जिया बेटावरून जहाज दक्षिणेकडे निघालं.

हँडल फिरवणारा हात

आता तुम्ही म्हणाल, शूटिंग करायचं त्यात काय एवढं? खिशातून मोबाइल काढला की झालं. पण हर्लीचा सिनेमाचा कॅमेरा म्हणजे तिकाटण्यावर ठेवायची लाकडी पेटी. तिला ना बॅटरी, ना मोटर. बाजूचं हँडल हाताने फिरवायचं. सेकंदाला बरोबर दोन फेरे. एका फेऱ्यात आठ चित्रं, म्हणजे सेकंदाला सोळा. हात भराभर फिरला तर पडद्यावरची माणसं रेंगाळतात, हळू फिरला तर दुडुदुडु पळतात. (असं उलटं का होतं, ते डोकं चालवून शोधा.) शून्याखाली वीस अंश थंडीत, गारठलेल्या बोटांनी, मनातल्या मनात सेकंद मोजत हँडल फिरवायचं. हातमोजा घातला तर छोटे स्क्रू धरता येत नाहीत, काढला तर धातू कातडीला चिकटतो. फ्रीजमधल्या बर्फाच्या ट्रेला ओलं बोट लावलंय ना कधी? तसंच, पण दहापट.

थंडीत फिल्म कडक होते आणि मोडते. बाहेरून आणलेला गार कॅमेरा उबदार खोलीत ठेवला की भिंगावर दव जमतं, फ्रीजमधून काढलेल्या बाटलीला घाम सुटतो तसं.

साध्या फोटोंची तर आणखी मोठी कटकट. एक फोटो म्हणजे एक काच! प्रकाशाने बदलणारा लेप काचेच्या प्लेटवर दिलेला असायचा. फोटो काढायचा, अंधाऱ्या खोलीत ती प्लेट रसायनात बुडवायची, मग पाण्याने धुवायची. जहाजावरच्या डार्करूममध्ये तापमान कसंबसं शून्याच्या वर. धुवायचं पाणी गरम ठेवलं नाही, तर काचा टाकीतच बर्फाच्या लादीत गोठून बसायच्या. हे लिहितानासुद्धा माझी बोटं वाकडी व्हायला लागली!

पण पठ्ठ्या हटला नाही. जहाज बर्फ फोडत पुढे जात होतं, तेव्हा हा कॅमेरा घेऊन जहाजाच्या नाकाडापुढे आलेल्या लांब दांड्यावर जाऊन बसला. खाली बर्फाला चिरा पडताहेत आणि वर हा हँडल फिरवतोय. चित्रपटात ते दृश्य आहे. आमच्या वर्गात ते तीनदा लावावं लागलं.

जानेवारी १९१५मध्ये एन्ड्युरन्सच्या चारी बाजूंनी बर्फ दाटला. जमीन अगदी जवळ आली होती, एखाद्या दिवसाच्या अंतरावर. पण जहाज हलेना. माणसांनी करवती, पहारी घेऊन बर्फ फोडून पाहिला. काही उपयोग झाला नाही. मे महिन्यात सूर्य बुडाला, तो जुलैच्या अखेरीपर्यंत उगवलाच नाही. तेवढे महिने नुसता काळोख.

ऑगस्टच्या एका काळ्या रात्री हर्लीला वाटलं, या जहाजाचा रात्रीचा फोटो हवा. जहाजाभोवतीच्या बर्फाच्या ढिगांमागे ठिकठिकाणी त्याने लख्ख पेटणारी फ्लॅशची भुकटी ठेवली. वीसेक झोत उडवले. त्या उजेडाने त्याचे डोळे असे दिपले, की पुढे काही दिसेना. नडग्या बर्फाच्या टोकांवर आपटत, खड्ड्यात पडत, धडपडत तो परतला. फोटो मात्र असा आला की आजही लोक बघत राहतात. काळ्याकुट्ट अंधारात दोरादोरावर हिमकण चढलेलं पांढरं जहाज, जणू जहाजाचं भूतच!

काचा फोडल्या

ऑक्टोबरमध्ये बर्फाने जहाज आवळायला सुरुवात केली. फळ्या कडाडायला लागल्या, पाणी आत आलं. २७ ऑक्टोबर १९१५ रोजी शॅकल्टनने सगळ्यांना बर्फावर उतरवलं. तुम्ही-आम्ही काय केलं असतं? हर्लीने कॅमेरा रोखला आणि थांबला. डोलकाठ्या पडताना आमच्या वर्गाने पाहिल्या, त्या याच. तिथे “पुन्हा एकदा करा” म्हणायची सोय नव्हती. जहाज एकदाच मोडतं.

पण खरी पंचाईत वेगळीच होती. काढलेले सगळे फोटो, सगळी रिळं अजून त्या मोडक्या जहाजातच होती. जस्ताचा पत्रा लावलेल्या पेट्यांत घालून, झाळून बंद केलेली. आणि त्या पेट्या पाण्याखाली! नोव्हेंबरच्या सुरुवातीला हर्ली परत जहाजावर गेला, एक जाडजूड भिंत फोडली, अंगातले कपडे काढले आणि बर्फाच्या चिखलात डुबकी मारून पेट्या वर काढल्या. झाळलेल्या पेट्यांनी पाणी आत शिरू दिलं नव्हतं. सगळं सुखरूप.

इथे गोष्ट संपायला हवी होती, नाही का? पण पुढे जे झालं, ते मला जास्त अवघड वाटतं.

शॅकल्टनने हुकूम काढला होता : प्रत्येकाने स्वतःचं म्हणून फक्त दोन पौंड सामान ठेवायचं. दोन पौंड म्हणजे ९०० ग्रॅमच्या आसपास. तुमच्या दप्तरात याहून जास्त वजन असतं! हुकूम देऊन तो थांबला नाही. स्वतःच्या खिशातली सोन्याची नाणी त्याने सगळ्यांसमोर बर्फात टाकली. आता समुद्रावरचा बर्फ फुटला की तीन छोट्या होड्यांतून २८ माणसांना निघायचं होतं. तिथे काचेच्या शेकडो प्लेटा कुठे ठेवणार?

९ नोव्हेंबरला हर्ली आणि शॅकल्टन दोघे बर्फावर बसले. एकेक काच उजेडासमोर धरायची. ठेवायची की टाकायची? टाकायची ठरली, की हर्ली ती तिथल्या तिथे फोडायचा. का माहीत आहे? नंतर मन बदलून परत उचलावीशी वाटू नये म्हणून! अशा सुमारे ४०० काचा त्याने फोडल्या आणि सुमारे १२० ठेवल्या. गणित घातलं मी वर्गात : दर १३ फोटोंमागे ३ ठेवायचे, १० फोडायचे. ज्या काचांसाठी आठवडाभरापूर्वी गोठलेल्या पाण्यात उडी मारली, त्याच स्वतःच्या हातांनी फोडायच्या. मोबाइलमधला हललेला, धूसर फोटो पुसतानासुद्धा आपलं बोट अडखळतं.

निवडलेल्या प्लेटा, फोटोंचा एक अल्बम आणि सिनेमाची रिळं पुन्हा झाळून बंद झाली. ते वजन शॅकल्टनने होडीत घेऊ दिलं. काहींना वाटतं, त्याला कलेची कदर होती म्हणून. असेलही. पण मघाशी लक्षात ठेवायला सांगितलं होतं ते आठवा. सिनेमा आधीच विकलेला होता, कर्ज फेडायचं होतं. मला तर दोन्ही कारणं खरी वाटतात.

मोठे कॅमेरे, सिनेमाचा कॅमेरा, सगळं बर्फावर राहिलं. हर्लीपाशी उरला खिशात मावणारा एक छोटा कॅमेरा आणि तीन रोल. पुढच्या जवळजवळ दहा महिन्यांसाठी!

मांजर आणि कुत्रे? हा प्रश्नही वर्गात आला, तेव्हा खोटं सांगवेना. अन्न नव्हतं, होड्यांत जागा नव्हती. त्यांना गोळ्या घालाव्या लागल्या. हर्ली स्वतः कुत्र्यांची एक गाडी हाकायचा, त्याच्या म्होरक्या कुत्र्याचं नाव होतं शेक्सपिअर. सिनेमात ते कुत्रे उड्या मारताना, बर्फात लोळताना दिसतात. शेवट माहीत असल्यावर ते बघायला जड जातं.

जे चित्रपटात नाहीच

एप्रिल १९१६पर्यंत माणसं तरंगत्या बर्फावर राहिली. मग बर्फ फुटला, होड्या पाण्यात गेल्या आणि १५ एप्रिलला सगळे एलिफंट बेटावर पोचले. बेट कसलं, नुसते खडक, वारा आणि पेंग्विन. तिथे कुणी शोधायला येणार नव्हतं. म्हणून २४ एप्रिलला शॅकल्टन आणि पाच जण ‘जेम्स केअर्ड’ या होडीतून साउथ जॉर्जियाकडे निघाले. जेमतेम सात मीटरची होडी आणि जगातल्या सगळ्यात खवळलेल्या समुद्रातून सुमारे १,५०० किलोमीटर! १० मे रोजी ते किनाऱ्याला लागले. मग त्यांतले तिघे, शॅकल्टन, वर्स्ली आणि क्रीन, बेटाचे बर्फाळ डोंगर ३६ तासांत ओलांडून माणसांच्या वस्तीत पोचले.

या सगळ्याचं शूटिंग किती? शून्य. एक फोटोसुद्धा नाही. हर्ली मागे एलिफंट बेटावर होता. या गोष्टीत माणसाच्या चिवटपणाचा सगळ्यात मोठा कस जिथे लागला, तिथे कॅमेराच नव्हता.

बेटावर राहिलेले २२ जण दोन होड्या उलट्या करून त्यांच्याखाली राहिले. सीलची चरबी जाळायची, सील आणि पेंग्विन खायचे. ब्लॅकबरोच्या पायाची बोटं हिमदंशाने काळी पडली होती, ती डॉक्टरांनी तिथेच, त्या होडीखाली कापली. फ्रँक वाइल्ड हा त्यांचा म्होरक्या. रोज सकाळी तो सगळ्यांना अंथरुणं गुंडाळायला लावायचा. म्हणायचा, साहेब आजच येईल. असं १२८ दिवस! ३० ऑगस्ट १९१६ला चिलीचं ‘येल्चो’ जहाज कॅप्टन लुइस पार्डोने आणलं. शॅकल्टनचा हा चौथा प्रयत्न. बावीसच्या बावीस जिवंत होते. झाळलेले डबेही होते.

(एक गोष्ट बरेच लोक सांगायची विसरतात. याच मोहिमेची दुसरी तुकडी खंडाच्या पलीकडच्या बाजूला, रॉस समुद्राकडे होती. तिच्यातले तिघे जण मरण पावले.)

फोटो खोटा बोलतो का?

हर्ली लंडनला पोचला. रिळं पाहिल्यावर एक अडचण कळली : चित्रपटात प्राणी फारच थोडे! लोकांना पेंग्विन हवे असतात. म्हणून हा गडी १९१७ साली पुन्हा साउथ जॉर्जियाला जाऊन पेंग्विन आणि सील चित्रित करून आला. ‘साउथ’ हा चित्रपट १९१९मध्ये आला. लंडनच्या एका सभागृहात तो दाखवायचे, तेव्हा शॅकल्टन स्वतः उभा राहून दिवसातून दोनदा त्याची कहाणी सांगायचा. आपलं बुडणारं जहाज रोज दोनदा बघायचं! चित्रपटाच्या शेवटाकडे प्राणीच प्राणी आहेत. आमची मुलं पेंग्विनांना खूप हसली. मला मात्र तिथे जरा घाई झाली होती. माणसांचं काय झालं ते बघायचं होतं आणि पेंग्विन काही हटेनात!

आता खरा वाद. एक फार प्रसिद्ध फोटो आहे. एलिफंट बेटाच्या किनाऱ्यावरची माणसं होडीकडे बघून हात उंचावताहेत. तो ‘सुटके’चा फोटो म्हणून दाखवला जायचा. पण अभ्यासकांनी दाखवून दिलं, की तो सुटकेचा नाहीच. तो २४ एप्रिलचा, शॅकल्टनला निरोप देतानाचा. हर्लीने त्यावर हात फिरवून त्याला सुटकेचा करून टाकला. पुढे पहिल्या महायुद्धाचे फोटो काढतानाही तो दोन-तीन काचा एकत्र करून एक चित्र बनवायचा. त्यावरून त्याचं चार्ल्स बीन या युद्धवार्ताहराशी चांगलंच वाजलं. बीनचं म्हणणं, जे घडलं तेच दाखव. हर्लीचं म्हणणं, लढाई एका काचेत मावतच नाही.

वर्गात दोन तट पडले. एक गट म्हणाला, “बाई, चीटिंग आहे!” दुसरा म्हणाला, “पण त्याच्याकडे तीनच रोल होते ना?” एका मुलीने तर विचारलं, “खाली खरं नाव लिहिलं असतं, तर चाललं असतं का?” मला वाटतं, तिने नेमकं बोट ठेवलं. फोटो जुळवण्यात गैर नाही, चित्रकारही जुळवतोच. निरोपाला सुटका म्हणणं हे गैर. आणि गंमत अशी, की निरोपाचा फोटो म्हणून पाहिला तर तो जास्तच काळजाला भिडतो. हात हलवणाऱ्या त्या माणसांना माहीतच नाही, की होडी परत येईल की नाही.

हा वाद शंभर वर्षांनीही मिटलेला नाही बरं का. २०२४ साली याच मोहिमेवर ‘एन्ड्युरन्स’ नावाचा नवा माहितीपट आला. त्यात हर्लीच्या जुन्या काळ्या-पांढऱ्या दृश्यांत रंग भरले आहेत आणि कृत्रिम बुद्धिमत्तेच्या मदतीने त्या माणसांचे आवाज तयार करून त्यांच्या डायऱ्या त्या आवाजांत ऐकवल्या आहेत. आता याला काय म्हणायचं, ते तुम्हीच भांडून ठरवा.

तो माहितीपट करणाऱ्यांपैकी जिमी चिन आणि एलिझाबेथ चाय वासरहेली यांचा आधीचा चित्रपट ‘फ्री सोलो’. अमेरिकेतला एल कॅपिटन हा सुमारे ९०० मीटरचा उभा कडा अ‍ॅलेक्स हॉनल्डने जून २०१७मध्ये दोराशिवाय, एकट्याने चढला. त्याचं चित्रण करणारे सगळे कॅमेरावाले स्वतः पट्टीचे गिर्यारोहक. कड्याला दोरांनी लटकून काम करायचं. सगळ्यात मोठी भीती ही, की आपल्या एखाद्या हालचालीने त्याचं लक्ष विचलित झालं तर? त्यातल्या एका कॅमेरावाल्याला ते पाहवेना, त्याने तोंड फिरवलं. कॅमेरा मात्र चालू ठेवला. हर्लीच्या घरातलाच की हा!

आणि एन्ड्युरन्स? ती २१ नोव्हेंबर १९१५ला बुडाली होती. २०२२च्या मार्चमध्ये ती वेडेल समुद्रात ३,००८ मीटर खोल सापडली. पाण्याखालच्या यंत्राच्या कॅमेऱ्याने तिच्या मागच्या बाजूवरची अक्षरं दाखवली, अजून वाचता येतात अशी. ती चित्रं मी वर्गात हर्लीच्या फोटोंशेजारी लावली. मुलं बाकावर उभी राहून एकेक फळी, एकेक कठडा जुळवत बसली. घंटा झाली तरी उठेनात.

मागच्या बाकावरचा तो मुलगा जाता जाता म्हणाला, “बाई, त्या फोडलेल्या काचापण तिथेच कुठेतरी खाली असतील ना?”

असतील. बर्फ वितळला, तेव्हा तुकडे खालीच गेले असणार.